युद्धानंतरचे जाफना : वाचकांच्या प्रश्नांना उत्तरे

गेल्या अंकात उत्तर श्रीलंकेतील संघर्षाचा राजकीय इतिहास सांगणारा लेख प्रसिद्ध झाला. त्यावर आलेल्या पत्रांपैकी बहुतेकांत राजकारणापेक्षा संसाराविषयी विचारले आहे: युद्धानंतर लोक घरी कसे परतले, जमिनीचे काय झाले, कर्जे कशी फेडली, हरवलेल्या माणसांचा शोध कोण घेते. त्यांतील निवडक प्रश्नांना येथे उत्तरे देत आहोत. ज्यांनी तो लेख वाचला नाही त्यांच्यासाठी एवढे सांगणे पुरेसे आहे की जाफना हे श्रीलंकेच्या उत्तर टोकावरील तमिळ भाषकांचे मुख्य शहर. सरकारी सैन्य आणि लिट्टे (स्वतंत्र तमिळ राष्ट्रासाठी लढणारी सशस्त्र संघटना) यांच्यातील युद्ध १९८३ पासून १८ मे २००९ पर्यंत चालले. त्यात १९९० ते १९९५ या काळात शहर लिट्टेच्या ताब्यात होते आणि डिसेंबर १९९५ पासून ते सैन्याच्या ताब्यात आले.

प्रश्न : युद्ध थांबल्यावर एखाद्या शहराचे दैनंदिन जीवन पूर्वपदावर यायला किती वर्षे लागतात? जाफन्याच्या बाबतीत आपण कोणत्या वर्षापासून मोजाल? (एक महाविद्यालयीन विद्यार्थिनी)

उत्तर : जाफन्यासाठी मोजणीचे एकच वर्ष धरता येत नाही, कारण तिथल्या लोकांनी युद्ध अनेकदा थांबताना आणि पुन्हा पेटताना पाहिले आहे. शहर लिट्टेच्या ताब्यात असताना सरकारने इंधन, सिमेंट, बॅटऱ्या आणि कित्येक औषधे तिकडे नेण्यास मनाई केली होती आणि वीजही तोडली गेली होती. त्या दिवसांत लोकांनी ज्या युक्त्या शोधल्या, त्या तिथली वयस्कर माणसे आजही बारकाईने सांगतात. रेडिओवरच्या बातम्या ऐकायच्या तर एकाने सायकलचे पॅडल मारत राहायचे आणि डायनामोच्या विजेवर बाकीच्यांनी रेडिओ लावायचा. मोटारसायकल पेट्रोलच्या चार थेंबांवर सुरू करायची आणि पुढे रॉकेलवर चालवायची. वर्तमानपत्रे कागद मिळेनासा झाला तेव्हा शाळेच्या वह्यांच्या रेघी कागदावर छापली गेली.

सैन्य शहराच्या वेशीवर आले तेव्हा, ३० ऑक्टोबर १९९५ च्या रात्री, लिट्टेच्या हुकमावरून शहर आणि भोवतालचा वलिकामम भाग जवळजवळ संपूर्ण रिकामा झाला. लाखो माणसे भर पावसात, हाताला लागेल ते घेऊन पूर्वेकडे निघाली. १९९६ च्या एप्रिल-मेपासून त्यांतील बरीचशी परतली, तेव्हा संसाराची घडी पहिल्यांदा बसवावी लागली. २००२ च्या शस्त्रसंधीत दक्षिणेकडे जाणारा ए-९ महामार्ग खुला झाला तेव्हा ती पुन्हा नव्याने बसवली गेली, आणि ऑगस्ट २००६ मध्ये तोच रस्ता बंद झाल्यावर ती परत विस्कटली. त्यानंतरची तीन वर्षे शहराला लागणारा माल समुद्रमार्गे येत होता आणि साध्या किराणा मालासाठीही लोकांना रांगा लावाव्या लागत होत्या.

२००९ पासूनच मोजायचे ठरवले, तर डोळ्यांना दिसणारी कामे बऱ्यापैकी वेगाने झाली असे म्हणावे लागेल. महामार्ग टप्प्याटप्प्याने खुला झाला, जाफना पुन्हा राष्ट्रीय वीजजाळ्याला जोडले गेले, आणि १९९० मध्ये बंद पडलेली 'याळ देवी' ही रेल्वेगाडी १३ ऑक्टोबर २०१४ रोजी, भारताच्या कर्जसाहाय्याने नव्याने टाकलेल्या रुळांवरून, पुन्हा जाफना स्थानकात आली. ज्या मुलाने शेवटची गाडी दहा वर्षांचा असताना पाहिली होती, तो तोवर चौतिशीला पोहोचला होता.

मात्र कंत्राटदारांची कामे पूर्ण झाली म्हणजे शहर सावरले, असे मला वाटत नाही. ज्या कुटुंबाला स्वतःच्या विहिरीचे पाणी काढता येते, स्वतःच्या जमिनीचा कागद दाखवता येतो आणि आपला मुलगा किंवा नवरा कुठे आहे, निदान त्याचे काय झाले, हे ठाऊक असते, त्या कुटुंबापुरते युद्ध संपलेले असते. या कसोटीवर जाफन्यातील काही आळ्या २०१५ च्या सुमारास सावरल्या, तर काही आजही सावरलेल्या नाहीत. लोकसंख्येचे आकडेही हेच सांगतात. १९८१ च्या जनगणनेत जाफना जिल्ह्यात, आजचा किलिनोच्ची जिल्हा धरून, सुमारे ८ लाख ३० हजार लोक होते. २०१२ च्या जनगणनेत किलिनोच्ची वगळून ही संख्या सुमारे ५ लाख ८३ हजार भरली. किलिनोच्चीची त्या वेळची वस्ती वजा केली तरी तूट दीड लाखाच्या घरात जाते, आणि मधल्या तीस वर्षांत ती वाढायला हवी होती. मतदारच कमी झाल्यामुळे संसदेतील जागाही घटल्या. २०१० मध्ये जाफना मतदारसंघातून ९ खासदार निवडले गेले, २०२४ मध्ये ६.

प्रश्न : युद्ध संपून इतकी वर्षे झाली तरी काही कुटुंबे स्वतःच्या घरी परतू शकलेली नाहीत, असे वाचले. जमीन जागच्या जागी असताना आणि मालक हयात असताना हे कसे घडते? (महसूल खात्यातून निवृत्त झालेले एक वाचक)

उत्तर : आपण ज्या खात्यात आयुष्य काढले त्या खात्याचाच हा विषय आहे, म्हणून थोडे विस्ताराने लिहितो.

पहिले कारण सैन्याचे. शहराच्या उत्तरेला पलाली येथे धावपट्टी आहे आणि कंकेसन्तुराई येथे बंदर आहे. त्यांच्या भोवतालची हजारो एकर जमीन 'उच्च सुरक्षा क्षेत्र' म्हणून सैन्याने कुंपणाआड घेतली. तिथल्या गावकऱ्यांनी १९९० मध्ये घरे सोडली ती चार दिवसांत परत येऊ या समजुतीने, आणि त्यांतील अनेकांनी पुढची पंचवीस वर्षे आपल्या गावापासून काही किलोमीटरवरच्या छावण्यांत काढली. आपली शेती कुंपणापलीकडे आहे, तिच्यात सैन्य भाजीपाला पिकवते, आणि आपण मात्र शिधापत्रिकेवर जगतो, हे दुःख त्यांनी रोज सोसले. २०१५ नंतर जमिनी टप्प्याटप्प्याने परत मिळू लागल्या. मयिलिट्टी हे एके काळी मासळीसाठी नावाजलेले बंदर २०१७ मध्ये कोळ्यांना परत मिळाले. तरीही काही जमीन आजही सैन्याकडे आहे आणि तिच्यासाठी निवेदने, निदर्शने चालूच आहेत.

जमीन परत मिळाल्याच्या पहिल्या दिवशी काय दिसते, ते समजून घेण्यासारखे आहे. छप्पर नसते. दारे, खिडक्या आणि त्यांच्या चौकटीही कोणीतरी काढून नेलेल्या असतात. खोलीच्या मधोमध वाढलेल्या झाडाची मुळे फरशी फोडून वर आलेली असतात. विहीर राडारोड्याने बुजलेली असते. जाफना द्वीपकल्पात बारमाही नदी नाही, सगळे पाणी चुनखडीच्या खडकातून झिरपून विहिरींत येते, त्यामुळे विहीर बुजलेली असेल तर घर बांधून उपयोग नसतो. परतणारे लोक म्हणूनच आधी विहीर उपसतात आणि छपराकडे नंतर वळतात. हद्दीचाही पत्ता नसतो. तिथे दोन वाड्यांमधली हद्द जिवंत झाडांच्या आणि झावळ्यांच्या कुंपणाने दाखवण्याची रीत आहे. पंचवीस वर्षांत ती कुंपणे रानात मिसळून गेली. भूमापकाला बोलावल्याशिवाय शेजारी-शेजारी असलेल्या दोन प्रामाणिक माणसांनाही आपली जागा कुठे संपते हे सांगता येत नाही.

दुसरे कारण कागदांचे. वारंवार घर सोडावे लागलेल्या माणसाकडे खरेदीखत टिकेलच असे नाही. श्रीलंकेच्या कायद्यानुसार दुसऱ्याच्या जमिनीवर दहा वर्षे अखंड, विनाहरकत ताबा असलेला माणूस मालकी हक्काचा दावा करू शकतो. शांततेच्या काळात हा नियम वावगा नाही. पण बंदुकीच्या धाकाने घर सोडलेल्या माणसाने दहा वर्षांत हरकत घेतली नाही, असे म्हणणे म्हणजे त्याच्या जखमेवर मीठ चोळणे आहे. या अन्यायाची दखल घेऊन २०१६ मध्ये एक विशेष कायदा झाला. त्यानुसार संघर्षामुळे ज्यांना आपल्या जमिनीकडे फिरकता आले नाही, त्यांच्याविरुद्ध १ मे १९८३ ते १८ मे २००९ हा काळ मोजला जाऊ नये, असे ठरले. चांगला कायदा, पण फार उशिरा आलेला. तोवर अनेक खटले निकाली निघाले होते आणि काही मूळ मालक हे जग सोडून गेले होते.

तिसरे कारण वारसांचे. जाफन्यातील तमिळांना 'तेसवळमै' नावाचा परंपरागत कायदा लागू होतो. त्यात मुलीला लग्नात घर आणि जमीन देण्याची पद्धत आहे, आणि सामाईक जमीन विकायची झाल्यास सहहिस्सेदाराला ती आधी विकत घेण्याचा हक्क आहे. घरातील सगळे एका गावात राहत होते तोवर हे सोयीचे होते. आज एक भाऊ टोरांटोला, एक बहीण पॅरिसला आणि एकाचा ठावठिकाणाच नाही, अशी कुटुंबे शेकड्यांनी आहेत. त्यामुळे भर वस्तीत कुलूपबंद, पडकी घरे दिसतात आणि त्याच आळीत एखादे कुटुंब भाड्याच्या खोलीत दाटीवाटीने राहत असते.

घरबांधणीच्या मदतीविषयीही सांगायला हवे. भारत सरकारच्या योजनेतून उत्तर व पूर्व श्रीलंकेत सुमारे ४६ हजार घरे उभी राहिली. प्रत्येक कुटुंबाला साडेपाच लाख श्रीलंकी रुपये हप्त्यांनी मिळत आणि घर त्यांनी स्वतः देखरेख करून बांधायचे, अशी पद्धत होती. कंत्राटदाराने एकसारखी खुराडी उभारण्यापेक्षा ही पद्धत कितीतरी चांगली, कारण त्यात माणसाचा आपल्या घरावरचा हक्क आणि आवड दोन्ही जपले गेले. तिची मर्यादा अशी की ज्याच्याकडे जमीनच नाही त्याला घरही मिळणे कठीण झाले, आणि रक्कम अपुरी पडली तेव्हा अनेकांनी उरलेले काम कर्ज काढून पुरे केले. त्या कर्जाचे पुढे काय झाले ते नंतरच्या उत्तरात येईलच.

प्रश्न : भूसुरुंग अजून आहेत का? (एक वाचक)

उत्तर : आहेत, पण पूर्वीच्या मानाने पुष्कळ कमी. शहर आणि दाट वस्ती बरीच आधी साफ झाली. द्वीपकल्पाच्या अरुंद मानेपाशी मुहमालई येथे दोन्ही सैन्ये वर्षानुवर्षे समोरासमोर उभी होती, आणि तिथला पट्टा सुरुंगांनी सर्वांत जास्त भरलेला होता. हे काम करणाऱ्यांत स्थानिक स्त्रिया मोठ्या संख्येने आहेत. गुडघे टेकून, जमिनीचा एकेक तुकडा खरवडत त्या पुढे सरकतात. श्रीलंकेने डिसेंबर २०१७ मध्ये भूसुरुंगबंदीच्या आंतरराष्ट्रीय करारात प्रवेश केला आणि २०२८ पर्यंत सर्व जमीन साफ करण्याचे बंधन स्वीकारले.

प्रश्न : युद्धात नवरा गेलेल्या किंवा बेपत्ता झालेल्या स्त्रियांनी घर कसे चालवले? बचत गटांसारखी काही व्यवस्था तिथे आहे का? (ग्रामीण बँकेत काम करणाऱ्या एक वाचक भगिनी)

उत्तर : उत्तर श्रीलंकेत हजारो घरे एकट्या स्त्रीच्या खांद्यावर चालतात. कोणी ताडाच्या पानांच्या टोपल्या विणते, कोणी कोंबड्या पाळते, कोणी मासळी सुकवते, कोणी कपडे शिवते. या कामांना बाजार आहे, पण तो लहान आहे, आणि हातात पैसा येतो तो थोडा थोडा.

२००९ नंतर महामार्ग खुला झाला तसा त्याच रस्त्याने बँका, वित्तसंस्था आणि हप्त्यांवर वाहने देणाऱ्या कंपन्याही आल्या. लहान कर्ज देणाऱ्या संस्थांनी पाच-सात स्त्रियांचा गट करून, एकमेकींना जामीन ठेवून, घरपोच कर्ज वाटले. तारण लागत नव्हते, कागद फारसे लागत नव्हते, आणि घराचे अर्धवट काम डोळ्यांसमोर उभे होते. कर्ज घेणे किती सोपे गेले असेल, हे आपल्यासारख्या या क्षेत्रातील व्यक्तीला वेगळे सांगायला नको. व्याजाचा दर मात्र जबर होता आणि हप्ता आठवड्याचा होता. मासे मिळाले नाहीत, पाऊस पडला नाही, मूल आजारी पडले, तरी वसुली करणारा ठरलेल्या दिवशी दारात हजर. एकीचा हप्ता चुकला की गटातील बाकीच्यांवर भार पडे, म्हणून शेजारणी-शेजारणींत वितुष्ट आले. एक कर्ज फेडायला दुसरे काढण्याची पाळी आली आणि आत्महत्यांच्या बातम्या येऊ लागल्या. स्त्रियांनी मोर्चे काढल्यावर २०१८ मध्ये सरकारने उत्तरेसह दुष्काळग्रस्त १२ जिल्ह्यांतील स्त्रियांची एक लाख श्रीलंकी रुपयांपर्यंतची थकीत लघुकर्जे माफ केली. त्याने काहींचा गळफास सुटला, पण ज्यांचे कर्ज त्या मर्यादेच्या थोडे वर होते त्या तशाच राहिल्या.

माझे स्पष्ट मत असे आहे की युद्धातून उठणाऱ्या माणसाला पहिली पाच वर्षे कर्ज देण्याऐवजी कामाची हमी आणि मालाला गिऱ्हाईक द्यावे. ज्याच्या उत्पन्नाचा भरवसा नाही त्याला आठवड्याच्या हप्त्याने बांधणे ही मदत नव्हे.

या स्त्रियांपुढे आणखी एक अडचण होती, जी बाहेरच्या माणसाच्या लक्षात येत नाही. नवरा बेपत्ता असेल तर त्याचे बँक खाते, त्याची जमीन, त्याची नुकसानभरपाई, मुलांचे पालकत्व, कशालाच हात लावता येत नाही, कारण प्रत्येक कार्यालय मृत्यूचा दाखला मागते. आणि दाखला घ्यायचा म्हणजे तो मेला असे आपणच सही करून सांगायचे. ज्या बाईने त्याला सैन्याच्या ताब्यात जाताना स्वतः पाहिले आहे, तिने तो दाखला का घ्यावा? अनेकींनी तो नाकारला आणि त्यासोबत मिळणारे पैसेही नाकारले. २०१६ च्या कायदेदुरुस्तीने 'अनुपस्थितीचा दाखला' सुरू झाला. माणूस मेला असे न म्हणता, तो बेपत्ता आहे एवढेच सरकार लिहून देते आणि त्यावर व्यवहार करता येतात. गेल्या दोन दशकांतील सरकारी निर्णयांपैकी हा मला सर्वांत सुज्ञ वाटतो.

प्रश्न : बेपत्ता व्यक्तींसाठी सरकारी कार्यालय स्थापन झाल्यावरही त्यांचे आईवडील रस्त्यावर का बसतात? (एक निवृत्त शिक्षिका)

उत्तर : कारण त्यांना जे हवे आहे ते अजून मिळालेले नाही. फेब्रुवारी २०१७ मध्ये किलिनोच्ची आणि वव्हुनिया येथे बेपत्तांच्या नातेवाइकांनी सुरू केलेले आंदोलन वर्षानुवर्षे चालू राहिले. बेपत्ता व्यक्तींच्या कार्यालयाचा कायदा २०१६ मध्ये झाला आणि २०१८ मध्ये त्याचे सदस्य नेमले गेले. पण या आयांचा साधा प्रश्न आहे की आम्ही आमच्या हाताने सैन्याच्या स्वाधीन केलेली मुले कुठे आहेत. ती यादी सैन्याने द्यावी, एवढे त्यांचे म्हणणे आहे. मुलांचे फोटो छातीशी धरून बसलेल्या त्या आईवडिलांपैकी कित्येकजण उत्तर न मिळताच वारले.

जाफना शहराच्या वेशीवर चेम्मणी नावाची जागा आहे. तिथे माणसे पुरली गेल्याचे एका सैनिकाने १९९८ मध्ये न्यायालयात सांगितले होते आणि १९९९ मध्ये १५ जणांचे अवशेष निघाले होते. त्यानंतर प्रकरण थंड पडले. २०२५ मध्ये त्याच परिसरातील स्मशानभूमीत बांधकामासाठी खोदताना हाडे दिसली, आणि न्यायालयाच्या देखरेखीखाली झालेल्या उत्खननात दोनशेहून अधिक सांगाडे सापडले. त्यांत लहान मुलांचे सांगाडे होते, आणि एका मुलाजवळ शाळेचे निळे दप्तर होते. ओळख पटावी म्हणून ऑगस्ट २०२५ मध्ये सापडलेल्या वस्तू लोकांना पाहण्यासाठी ठेवण्यात आल्या. दागिना, चप्पल, कापडाचा तुकडा यांत आपल्या माणसाची खूण शोधण्यासाठी लोक आले. आपण शिक्षिका होता, म्हणून आपल्याला विचारावेसे वाटते: वर्गातील अशा एका मुलाचे काय झाले हे कळल्याशिवाय आपण हजेरीपट मिटला असता का?

प्रश्न : जाफन्यातील मुसलमानांचे काय झाले? लेखात त्यांचा उल्लेख फार त्रोटक होता. (एक वाचक)

उत्तर : आपला आक्षेप योग्य आहे. ३० ऑक्टोबर १९९० रोजी लिट्टेने जाफना शहरातील मुस्लिमांना काही तासांत घर सोडायला लावले. सोने, पैसे, घरातील वस्तू काढून घेतल्या आणि जुजबी रक्कम व अंगावरचे कपडे एवढेच नेऊ दिले. त्या महिन्यात संपूर्ण उत्तर प्रांतातून सुमारे ७५ हजार मुस्लिमांना हाकलण्यात आले. बहुतेकांनी पश्चिम किनाऱ्यावरील पुत्तळम भागात आसरा घेतला. त्यांची भाषा तमिळच, आणि शिंपीकाम, लोखंडाचा आणि सराफीचा व्यापार यांत शहराचे अनेक व्यवहार त्यांच्या हाती होते.

२००९ नंतर काही कुटुंबे जाफन्याच्या सोनकर तेरू भागात परतली, परंतु बहुसंख्य परतली नाहीत. दोन दशकांत मुले पुत्तळमच्या शाळांत शिकली, लग्ने तिथे झाली. परत आल्यावर मोडक्या भिंती, शेजार नव्या माणसांचा, आणि विस्थापितांच्या मदतयाद्यांत त्यांना 'जुने विस्थापित' म्हणून मागचे स्थान. स्वतः विस्थापन भोगलेल्या तमिळ समाजाने या अन्यायाबद्दल जितक्या मोकळेपणाने बोलायला हवे होते, तितके तो बोललेला नाही. त्या समाजातील काही लेखक, प्राध्यापक आणि कार्यकर्ते मात्र सातत्याने बोलत आले आहेत, हेही नमूद केले पाहिजे.

प्रश्न : भारतीयांविषयी तिथे काय भावना आहे? आपण घरे बांधून दिली, रेल्वे दिली, तर कृतज्ञता असेलच ना? (एक माजी सैनिक)

उत्तर : कृतज्ञता आहे, जवळीकही आहे, आणि त्याबरोबर दोन दुखऱ्या जागाही आहेत. पहिली जुनी आहे. १९८७ ते १९९० या काळात भारतीय शांतिसेना तिथे होती. तिच्या हजाराहून अधिक जवानांनी त्या भूमीवर प्राण दिले, याचे स्मरण आपण ठेवतो आणि ठेवायलाच हवे. त्याच वेळी ऑक्टोबर १९८७ मध्ये जाफन्याच्या रुग्णालयात झालेल्या गोळीबारात साठहून अधिक माणसे मारली गेली, त्यांत डॉक्टर, परिचारिका आणि रुग्ण होते. रुग्णालयाचे कर्मचारी दरवर्षी २१ ऑक्टोबरला त्यांना श्रद्धांजली वाहतात. आपण सैन्यात सेवा केली आहे, त्यामुळे हे वाचणे आपल्याला जड जाईल याची मला जाणीव आहे, परंतु प्रश्न प्रामाणिकपणे विचारला आहे तर उत्तरही तसेच द्यायला हवे.

दुसरी जागा आजची आहे. युद्धकाळात जाफन्याच्या कोळ्यांवर समुद्रात जाण्याचे कडक निर्बंध होते. पास, ठरावीक वेळा, ठरावीक अंतर आणि इंधनाची टंचाई यांमुळे अनेकांनी धंदा सोडला. निर्बंध उठल्यावर त्यांनी लहान फायबरच्या होड्या आणि जाळी जमवली, बहुधा कर्ज काढून, तेव्हा तमिळनाडूच्या किनाऱ्यावरून येणारे मोठे ट्रॉलर समोर उभे होते. हे ट्रॉलर समुद्राचा तळ खरवडून मासळी ओढतात. रात्री पाण्यात सोडलेले जाळे त्यांच्या मार्गात आले तर सकाळी त्याच्या चिंध्याच हाती लागतात, आणि एका जाळ्याची किंमत म्हणजे त्या घराची कित्येक महिन्यांची कमाई. श्रीलंकेने २०१७ मध्ये तळ खरवडणाऱ्या मासेमारीवर कायद्याने बंदी घातली. आपल्याकडील वर्तमानपत्रांत बातमी येते ती अटक झालेल्या भारतीय मच्छीमारांची. त्यांतील खलाशी गरीब असतात, ट्रॉलर त्यांच्या मालकीचे नसतात, आणि त्यांच्यावरचा गोळीबार किंवा मारहाण कधीही समर्थनीय नाही. पण पलीकडच्या किनाऱ्यावर तमिळच बोलणारा, युद्धातून नुकताच उठलेला कोळी आपले फाटलेले जाळे घेऊन बसला आहे, हे आपल्या बातम्यांत क्वचितच येते.

प्रश्न : जाफन्याचे प्रसिद्ध ग्रंथालय पुन्हा उभे राहिले का? (ग्रंथपाल असलेल्या एक वाचक)

उत्तर : होय. १९८१ च्या मे अखेरीस, म्हणजे युद्ध पेटण्यापूर्वीच, ते जाळले गेले आणि सुमारे ९७ हजार ग्रंथ व हस्तलिखिते नष्ट झाली. इमारत पूर्वीच्याच रूपात पुन्हा बांधण्यात आली आणि शस्त्रसंधीच्या काळात ती वाचकांना खुली झाली. सकाळी परीक्षेची तयारी करणारे विद्यार्थी आणि वर्तमानपत्र वाचणारे वृद्ध तिथे असतात. ताडपत्रावरील ज्या हस्तलिखितांची दुसरी प्रत नव्हती ती मात्र कायमची गेली, आणि भिंती कितीही शुभ्र रंगवल्या तरी ती भरून निघणार नाहीत.

प्रश्न : पुढच्या वर्षी आम्ही दोघे तिकडे जाण्याचा विचार करतो आहोत. कसे जावे आणि काय काळजी घ्यावी? (एक ज्येष्ठ दांपत्य)

उत्तर : चेन्नईहून जाफन्याला विमान आहे, नागपट्टिणमहून कंकेसन्तुराईला प्रवासी बोट आहे आणि कोलंबोहून रेल्वे व बस आहेत. बोटीची सेवा हवामानामुळे अधूनमधून बंद असते, त्यामुळे निघण्यापूर्वी वेळापत्रक पाहून घ्यावे. नल्लूरच्या कंदस्वामी मंदिराचा २५ दिवसांचा उत्सव जुलै-सप्टेंबरच्या दरम्यान असतो. युद्धातही जमेल तसा होत राहिलेला हा उत्सव, आणि त्या वेळी परदेशी गेलेली मुलेबाळे घरी येतात, त्यामुळे शहर गजबजलेले दिसेल. राहण्याची सोय मात्र फार आधी करावी लागेल. मंदिरात पुरुषांना अंगरखा उतरवून जावे लागते.

१८ मेच्या आसपास गेलात तर रस्त्याच्या कडेला मोठ्या भांड्यांतून तांदळाची मिठाची पेज वाटताना लोक दिसतील. युद्धाच्या शेवटच्या दिवसांत मुल्लिवायक्कालच्या किनारपट्टीवर अडकलेल्या माणसांना खायला तेवढेच उरले होते, त्याची ती आठवण असते. कोणी वाटी पुढे केली तर नाही म्हणू नये. फोटो विचारल्याशिवाय काढू नयेत, आणि सैन्याच्या छावण्यांचे तर मुळीच काढू नयेत. घरमालक किंवा रिक्षाचालक गप्पांच्या ओघात युद्धाचे काही सांगू लागला तर ऐकावे, पण तुम्ही कोणाच्या बाजूचे होता, हा प्रश्न आपण होऊन विचारू नये. एकाच घरातील दोन भावांची उत्तरेही वेगळी असू शकतात आणि त्यांना ती तुमच्यासमोर द्यायची नसतील. राहण्यासाठी स्थानिक कुटुंबांनी चालवलेली घरे निवडावीत, म्हणजे भाड्याचा पैसा गावातच राहील. पाणी उकळलेले किंवा बाटलीबंद प्यावे, कारण काही भागांतील विहिरींचे पाणी खारट झाले आहे, आणि चुन्नाकम परिसरातील विहिरींत वीज केंद्रातील तेल झिरपल्याच्या प्रकरणात २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाला भरपाईचा आदेश द्यावा लागला होता. कोलंबोहून रस्त्याने जाणार असाल तर मुहमालईजवळ शेंडे उडालेले ताड आणि लाल फलक दिसतील. तिथे मुख्य रस्ता सोडून आत पाऊल टाकू नये.